दीपगृहापाशी मरणारं जहाज

"अडतीस वर्षं!" चीफ एलेउतेरियो मोंतान्यो टेबलावर मूठ आपटून ओरडले. "अडतीस वर्षं मी जहाजांची इंजिनं सांभाळली! भर समुद्रात पिस्टन फुटला, तरी जहाज बंदरात आणलं! आणि हा पालोमार म्हणतो, जहाज कप्तानामुळे चालतं! अरे, कप्तान करतो काय? पांढरे कपडे घालून वरच्या मजल्यावर कॉफी पितो!"

फिलिपिन्समधल्या इलोइलोच्या निवृत्त दर्यावर्दी संघाची मासिक सभा सुरू होती. समोरच्या खुर्चीत कप्तान मेल्कियोर पालोमार खरोखरच कॉफी पीत होते. त्यांनी कप खाली ठेवला, मिशी पुसली आणि शांतपणे म्हणाले, "इंजिनवाला म्हणजे जहाजाचं पोट. पोटाशिवाय माणूस जगत नाही, कबूल. पण रस्ता काही पोट दाखवत नाही."

झालं! चीफच्या कानांतून वाफ निघायचीच काय ती बाकी राहिली.

त्या वर्षी संघातल्या सगळ्या म्हाताऱ्यांना एका खेळाचं वेड लागलं होतं. कॉम्प्युटरवरचा जहाजाचा खेळ. बंदर, लाटा, वारा, इंजिनाचे काटे, सगळं हुबेहूब. जन्मभर समुद्रावर बायकामुलांच्या आठवणीने झुरलेली ही मंडळी आता बायकामुलांत बसून समुद्रासाठी झुरत होती. त्यामुळे तंटा कसा सोडवायचा, यावर कुणाचं दुमत झालं नाही. गावच्या जत्रेच्या दिवशी, संघाच्या हॉलमध्ये, मोठ्या पडद्यावर शर्यत! हरणाऱ्याने सगळ्यांच्या देखत खुर्चीवर उभं राहायचं आणि म्हणायचं. चीफ हरले तर "जहाज कप्तानावर चालतं", आणि कप्तान हरले तर "जहाज इंजिनावर चालतं."

संघाच्या सेक्रेटरी सालोमेबाई म्हणजे शिस्तीचा सोटा. त्यांनी पैज वहीत लिहून घेतली आणि दोघांच्या सह्या घेतल्या.

"तीन आठवडे आहेत," चीफ घरी आल्या आल्या बायकोला म्हणाले. "पेरिंग, त्या पालोमारला मी खुर्चीवर चढवतो की नाही, बघच!"

पेर्पेतुआबाई, म्हणजे पेरिंग, रात्रीच्या जेवणासाठी मासे साफ करत होत्या. त्या मान वर न करता म्हणाल्या, "आधी तो दिवाणखान्यातला बल्ब बदल."

चीफनी बल्ब काही बदलला नाही. त्यांनी नवा खेळ कॉम्प्युटरवर चढवला, टोपी घातली (हो, घरात टोपी घातली!) आणि जहाज सुरू केलं. इंजिन धडधडलं. दोर सुटले. बंदर मागे सरकलं. डावीकडे लालपांढऱ्या पट्ट्यांचं दीपगृह दिसू लागलं. चीफचा ऊर भरून आला. जहाज दीपगृहाच्या बरोबर समोर आलं आणि...

पडदा काळा! खेळ बंद! जहाज नाही, समुद्र नाही, दीपगृह नाही. मागे नुसतं चीफच्या नातवंडांचं छायाचित्र हसत होतं.

"हे काय?" चीफ म्हणाले.

पुन्हा सुरू केलं. दोर, बंदर, दीपगृह. काळोख!

त्या दिवशी चीफ अकरा वेळा बंदरातून निघाले आणि अकराही वेळा दीपगृहापाशी मेले. अकराव्या वेळी ते इतक्या मोठ्याने ओरडले, की पेरिंगच्या हातातला मासा पुन्हा जिवंत झाल्यासारखा उडाला.

आता दुसरा कुणी असता तर त्याने जाणत्या माणसाला बोलावलं असतं. पण चीफना मदत घ्यायला सांगणं म्हणजे कोंबड्याला गजराचं घड्याळ भेट देण्यासारखं! "यंत्र म्हणजे यंत्र," ते म्हणाले. "मोठं असो की छोटं, दुखणी चारच. घाण, उष्णता, वीज आणि मूर्ख माणसं."

घाणीपासून सुरुवात झाली. कॉम्प्युटरची पेटी उघडून चीफनी तिच्यातली धूळ पेरिंगच्या केकवर तूप लावायच्या ब्रशने साफ केली. धूळ इतकी निघाली, की तीत एक झुरळाचं कुटुंब सहज नांदलं असतं. नांदतही होतं. ते पळून स्वयंपाकघरात गेलं आणि त्याबद्दल चीफना जे ऐकून घ्यावं लागलं, ते इथे छापण्यासारखं नाही. जहाज मात्र दीपगृहापाशीच मेलं.

"म्हणजे उष्णता!" चीफ चुटकी वाजवून म्हणाले.

पेटी साफ करण्यात आणि पुन्हा पुन्हा जहाज सोडण्यात जत्रा आठवड्यावर आली होती. दुसऱ्या दिवशी पेरिंग चर्चमध्ये जत्रेच्या फुलांची कामं करायला गेल्या होत्या. दुपारी परत येऊन बघतात तो स्वयंपाकघरात टोपी घालून नवरा बसलेला. फ्रिजचं दार अर्धवट उघडं, त्यातून वायरी बाहेर आलेल्या. आणि फ्रिजच्या आत, जिथे त्यांनी जत्रेसाठी सारण भरून ठेवलेले चौदा बांगूस मासे होते, तिथे कॉम्प्युटरची पेटी थंडगार बसलेली!

"तेरियो," पेरिंग अगदी हळू आवाजात म्हणाल्या. त्यांचा आवाज हळू झाला, की शेजारचे खिडक्या बंद करत. "माझे मासे कुठे आहेत?"

"परसात. टपात. बर्फ घातलाय वरून," चीफ पडद्यावरची नजर न हलवता म्हणाले. "थांब, दीपगृह येतंय..."

परसात टप होता. बर्फाचं पाणी होतं. मासे नव्हते. गल्लीतली सात मांजरं भिंतीवर ओळीने बसून, जेवणानंतर पान खाल्लेल्या पाहुण्यांसारखी मिशा चाटत होती.

"चौदा!" पेरिंगचा आवाज आता हळू राहिला नव्हता. "चौदा मासे! एकेकाचा काटा मी हाताने काढला होता!"

"गेलं!" चीफही त्याच वेळी किंचाळले. पण ते माशांबद्दल नव्हतं. जहाज पुन्हा दीपगृहापाशी मेलं होतं. फ्रिजमध्ये! शून्याच्या आसपास तापमान असताना!

त्या रात्री चीफना जेवायला नुसता भात मिळाला.

उष्णता बाद झाली, तेव्हा त्यांनी खेळ बनवणाऱ्या कंपनीला पत्र लिहिलं. साधं नव्हे. "महोदय, मी चीफ इंजिनिअर एलेउतेरियो मोंतान्यो, अडतीस वर्षांचा अनुभव, आपलं जहाज सदोष असल्याचं आपणास कळवू इच्छितो..." असं चार पानी. पाच मिनिटांत उत्तर आलं! चीफ खूश झाले. उत्तर असं होतं: "नमस्कार! तुमची अडचण ऐकून आम्हाला फार वाईट वाटलं! कॉम्प्युटर बंद करून पुन्हा सुरू केलात का? सस्नेह, अँबर, ग्राहक आनंद विभाग."

"आनंद विभाग!" चीफ थयथयाट करत म्हणाले. "माझं जहाज बुडतंय आणि ह्यांनी आनंद विभाग काढलाय! आणि बंद करून सुरू केलं का म्हणे! बाई, ते आपोआपच बंद होतंय, तेच तर मी बोंबलून सांगतोय!"

तरी त्यांनी बंद करून सुरू केलं. जहाज मेलं. पुन्हा पत्र. पुन्हा अँबर. या वेळी तिने लिहिलं, "कृपया लॉग पाठवा."

हे वाचून मात्र चीफचा चेहरा उजळला. "बघितलंस, पेरिंग? शेवटी कुणीतरी दर्यावर्दी भाषेत बोललं! लॉग मागतेय. इंजिनरूमचा लॉग!"

मग दोन दिवस चीफनी लॉग लिहिला. स्वतःच्या सुबक अक्षरात, आखीव वहीत, जसा जन्मभर लिहीत आले तसा. "सकाळी नऊ दहा. इंजिन सुरू. हवा स्वच्छ. पत्नी नाराज. नऊ बावीस. दीपगृह डावीकडे. इंजिन उत्तम. नऊ बावीस अधिक चार सेकंद. सर्वनाश. नऊ पंचवीस. पत्नीने विचारलं, मासे विकत आणणार की नाही. उत्तर दिलं नाही." अशी एकोणीस पानं! प्रत्येक पानाचा फोटो काढून त्यांनी पाठवून दिला.

अँबरचं उत्तर आलं. "खूप सुंदर अक्षर! पण आम्हाला कॉम्प्युटरने आपोआप तयार केलेली लॉगची फाइल हवी होती. ती सापडत नसेल तर खेळ काढून पुन्हा चढवून बघा."

चीफनी टोपी काढून टेबलावर ठेवली. ही त्यांच्या संतापाची सगळ्यात वरची पायरी होती. मग त्यांनी खेळ काढला, पुन्हा चढवला, चालवला. दीपगृह. काळोख.

"कळलं!" ते ताडकन उठले. "हे त्या पालोमारचं काम आहे!"

"कप्तानाचं?" पेरिंग म्हणाल्या. "त्या बिचाऱ्याला फोनवर फोटो पाठवता येत नाही."

"नाटक आहे ते! चार दुखण्यांपैकी घाण गेली, उष्णता गेली. राहिलं काय? मूर्ख माणूस!"

"ते तर राहिलंच आहे," पेरिंग म्हणाल्या. पण चीफ तोवर फाटकाबाहेर पडले होते. वीज तपासायची राहिली, हे त्यांच्या लक्षातही आलं नाही.

कप्तानाचं घर तीन घरं सोडून. चीफ दार न वाजवता आत शिरले. कप्तान पालोमार चॉकलेटचा वाफाळता कप घेऊन आपल्या कॉम्प्युटरपुढे बसले होते. पडद्यावर त्यांचं जहाज संथपणे, हंसासारखं, दीपगृहाजवळून चाललं होतं. समोर आलं. थोडं पुढे गेलं. आणखी पुढे गेलं! पलीकडे निळाशार समुद्र पसरला होता. चीफनी तो आजवर पाहिलाच नव्हता.

"ये, तेरियो," कप्तान म्हणाले. "हे दीपगृह काय देखणं आहे, नाही? पुढे डॉल्फिनही येतात. तू पाहिलेस?"

चीफ काय म्हणणार? "पाहिले!" ते म्हणाले. "चिक्कार पाहिले!"

"किती?"

"मोजत बसायला मी काय कप्तान आहे?" असं म्हणून ते उलट्या पावली घरी आले. आता खोटंही बोलून झालं होतं. शर्यत परवावर आली होती आणि डॉल्फिन तर सोडाच, चीफनी दीपगृहाची पाठसुद्धा पाहिली नव्हती!

शेवटी त्यांनी मान तुकवली. कॉम्प्युटरची पेटी आंघोळीच्या टॉवेलात गुंडाळून, आजारी लेकरासारखी मांडीवर घेऊन, ते तीनचाकीत बसले आणि बाजारात चोनाच्या दुकानी गेले. चोनाचं दुरुस्तीचं दुकान शवपेट्यांच्या दुकानाला लागून होतं. चोना चाळिशीची, बोलायला फटकळ, हाताला सोनं. ती कैरीच्या फोडी सुकटाच्या चटणीत बुडवून खात होती.

"काका, पेटीला माशांचा वास कसा?"

"फ्रिजमध्ये ठेवली होती."

चोनाने खाणं थांबवलं. "आणि मासे?"

"तुला कुणी सांगितलं?"

"अख्ख्या गल्लीला माहीत आहे, काका. मांजरं अजून तुमच्या घरावरून हलत नाहीत."

चीफनी सगळी हकिगत सांगितली. धूळ, बर्फ, अँबर, आनंद विभाग. चोनाने ऐकून घेतलं आणि एकच प्रश्न विचारला.

"दर वेळी तिथेच बंद पडतं? गरम असो, थंड असो, तिथेच?"

"तिथेच! चार सेकंदांचाही फरक नाही!"

"काका, तुम्ही इंजिनिअर ना? गाडी रोज एकाच मैलाच्या दगडापाशी बंद पडली, तर तुम्ही गाडी तपासाल की दगड?"

अडतीस वर्षांच्या अनुभवाला हे सुचलं नव्हतं, आणि कैरी खाणाऱ्या बाईला सुचलं होतं!

चोनाने पेटी पुसली, सुरू केली, खटाखट बटणं दाबली. दहा मिनिटांत ती हसायला लागली. "सापडलं. दीपगृहापाशी खेळ तुमचा प्रवास पहिल्यांदा साठवून ठेवायला जातो. तुमच्या नावाच्या कप्प्यात. आणि तुमचं नाव त्याला वाचताच येत नाही."

"माझं नाव? काय वाईट आहे माझ्या नावात?"

"मोंतान्यो. रोमन लिपीत लिहिताना त्या n वर जी लाट येते ना, ती वळवळीची रेघ, जिच्यामुळे न चा न्य होतो, ती बघा. खेळ बनवणाऱ्यांनी ती अक्षरं जमेसच धरलेली नाहीत. लाट दिसली, की तो घाबरून जीव देतो. सोपं आहे. नवा कप्पा करू, लाट काढून टाकू. मोंतानो लिहिते."

चीफ खुर्चीवरून असे उठले, की शेजारच्या दुकानातला शवपेटीवाला गिऱ्हाईक आलं समजून बाहेर आला.

"मोंतानो? कोण मोंतानो? मी मोंतान्यो आहे! मोंतान्यो! शाळेत मास्तरांनी ही लाट खाल्ली, मी परत लिहायला लावली. पारपत्राच्या कचेरीत खाल्ली, मी तीन दिवस तिथे ठाण मांडलं. माझ्या बापाच्या थडग्यावर गवंडी लाट विसरला, तर मी स्वतः छिन्नी घेऊन ती कोरली, भर उन्हात! आणि आता एका खेळासाठी मी ती सोडू? ज्याला समुद्राचा खेळ काढायचाय, त्याला लाट चालत नाही?"

"काका, शर्यत उद्या आहे."

"हरेन! खुर्चीवर चढेन! पण मोंतान्यो म्हणून चढेन!"

पेटी टॉवेलात गुंडाळून ते निघाले.

घरी येऊन ते जेवायलाही उठेनात. पेरिंगनी चोनाला फोन करून सगळं विचारून घेतलं. माशांचा राग त्यांच्या मनात होताच. पण त्यांना ते थडगंही आठवत होतं. त्या दिवशी छत्री त्यांनीच धरली होती. आणि नवरा खुर्चीवर उभा राहून, मान खाली घालून, पालोमारपुढे कबुली देतोय, हे चित्र काही केल्या त्यांच्या डोळ्यांपुढून हलेना. मांजरांनी मासे खाल्ले म्हणून माणूस मांजरांपुढे थोडाच टाकतात!

सकाळी चीफ दाढी करायला न्हाव्याकडे गेले, तेव्हा पेरिंग कॉम्प्युटरपुढे बसल्या. चोना फोनवरून सांगत होती, त्या एका बोटाने दाबत होत्या. चीफ परत आले तेव्हा पडद्यावर मोठ्या अक्षरांत लिहिलं होतं: पेरिंग.

"हे काय?"

"तुझी लाट तुझ्यापाशी राहिली," पेरिंग म्हणाल्या. "माझ्या नावावर काही चढवलेलं नाही, काही उतरवलेलं नाही. चालव."

चीफनी आधी भिंतीकडे बघितलं, मग छताकडे. मग हळूच म्हणाले, "तसं म्हटलं तर... जहाजाला बाईचंच नाव असतं."

"असतं ना?"

"पूर्वापार असतं!"

जहाज निघालं. दोर, बंदर, दीपगृह. चीफनी डोळे मिटून घेतले. एक, दोन, तीन, चार, पाच...

"तेरियो," पेरिंग म्हणाल्या, "ते उड्या मारतंय ते काय?"

डॉल्फिन होते! चीफनी टोपी काढून छताकडे फेकली आणि बायकोला उचलायचा प्रयत्न केला. कमरेने नकार दिला, तेव्हा नुसतीच मिठी मारली.

दुपारी हॉल गच्च भरला होता. एका टेबलावर कप्तान, दुसऱ्यावर चीफ, दोघांचे घरून आणलेले कॉम्प्युटर, मध्ये मोठा पडदा. पडद्यावर दोन जहाजं आणि त्यांवर दोन नावं: पालोमार आणि पेरिंग. हॉलभर खसखस पिकली. चीफनी तिकडे लक्ष दिलं नाही.

शर्यत मात्र शर्यतीसारखी झाली! कप्तानांनी वाऱ्याचा असा काही फायदा घेतला, की पाहणाऱ्यांच्या तोंडून आपोआप वाहवा निघाली. अर्ध्या वाटेवर ते तीन जहाजांच्या लांबीने पुढे होते. मग चीफनी इंजिनाचा काटा तांबड्या रेघेवर नेला. "फुटेल, चीफ!" मागून कुणीतरी ओरडलं. "नाही फुटायचं!" चीफ दात आवळून म्हणाले. तांबड्या रेघेवर इंजिन किती वेळ तग धरतं, हे त्यांच्याइतकं त्या हॉलमध्ये कुणालाच ठाऊक नव्हतं. घाम हनुवटीवरून टपकत होता. काटा थरथरत होता. बंदराच्या तोंडाशी दोन्ही जहाजं नाकाला नाक लावून होती, आणि चीफनी अगदी शेवटच्या क्षणी आणखी एक रेघ वाढवली!

जिंकले! अर्ध्या जहाजाने!

हॉलमध्ये एकच गलका उठला. आणि चीफ हात वर करून उभे राहिले, तेव्हा त्यांच्या कानावर शब्द पडले: "पेरिंग! पेरिंग! पेरिंग!"

पडद्यावर सोनेरी अक्षरं झळकत होती: विजेती, कप्तान पेरिंग.

"अहो, मी! मी चालवलं!" चीफ ओरडले. पण त्या गोंगाटात त्यांचा आवाज म्हणजे वादळात शिट्टी.

कप्तान पालोमार शब्दाचे पक्के. ते सरळ खुर्चीवर चढले. सगळे गप्प झाले. तीन आठवडे, चौदा मासे, एकोणीस पानं, सगळं या एका वाक्यासाठी!

"मंडळी," कप्तान म्हणाले, "आज मला कळलं. जहाज कप्तानावर चालत नाही. इंजिनावरही चालत नाही." त्यांनी पेरिंगकडे वळून खाडकन सलाम ठोकला. "जहाज पेरिंगवर चालतं!"

हॉलचं छप्पर उडायचं बाकी राहिलं. लोक शिट्ट्या मारत होते. भाजलेल्या डुकराची पहिली थाळी पेरिंगपुढे गेली.

"हे वाक्य ठरलं नव्हतं!" चीफ सालोमेबाईंच्या टेबलाशी जाऊन तावातावाने म्हणाले. "वही बघा! सह्या बघा!"

सालोमेबाईंनी चष्मा सावरला. "चीफ, पैज पालोमार आणि मोंतान्यो यांची होती. पडद्यावर मोंतान्यो कुठे होते? ते तर शर्यतीला आलेच नाहीत अशी नोंद आहे."

चीफनी पेरिंगकडे बघितलं. त्या डुकराची कुरकुरीत कातडी चावत होत्या. "काय सुंदर झालंय," त्या म्हणाल्या. "घे ना एक तुकडा."

दीड महिन्याने अँबरचं पत्र आलं. चीफनी तिला शर्यतीनंतर सव्वीस पत्रं लिहिली होती, सगळी लाटेबद्दल. "आनंदाची बातमी! आता आमच्या खेळात जगातल्या सगळ्या भाषांची नावं चालतात!" चीफनी ते पत्र तीन वेळा वाचलं. मग पुन्हा स्वतःचं नाव घातलं, पूर्ण, पदवीसकट, लाटेसकट. जहाज सोडलं. दीपगृह आलं, गेलं. पडद्यावर चीफ इंजिनिअर एलेउतेरियो मोंतान्यो खुल्या समुद्रात पोचले होते. म्हाताऱ्याचे डोळे भरून आले.

तशाच भरल्या डोळ्यांनी त्यांनी कप्तान पालोमारला खेळातून नवं आव्हान पाठवलं. या वेळी नावानिशी, समोरासमोर!

जरा वेळाने उत्तर आलं. कप्तान एका बोटाने टाइप करत असणार, कारण शब्द एकेक करून उमटत होते.

"मोंतान्यो? कोण मोंतान्यो?"

चीफ दात-ओठ खात टाइप करणार, तेवढ्यात आणखी एक ओळ आली.

"अच्छा, अच्छा! पेरिंगचे मिस्टर होय! तुम्ही पण खेळता?"